पुलापलीकडचं वाळवंट

मंडळी, बहारीनमध्ये "सुट्टीत कुठे?" याची उत्तरं ठरलेली. विमानाने मुंबई, नाहीतर पुलावरून खोबर. १९८६ साली खुला झालेला हा २५ किलोमीटरचा किंग फहद कॉजवे ओलांडून त्यापुढे आपल्यातले थोडेच जातात. यंदा दिवाळीचा फराळ संपला की नोव्हेंबरात आम्ही तीन कुटुंबं थेट उत्तरेला, नफूद वाळवंटातल्या जुब्बाला जायचं म्हणतोय.

एवढ्या लांब कशासाठी? तिथल्या उम्म सिनमान डोंगराच्या पायथ्याशी हजारो वर्षांपूर्वी तळं होतं. त्या काठच्या माणसांनी खडकांवर माणसं, जनावरं कोरून ठेवली. २०१५ साली युनेस्कोने ती जागतिक वारशात घेतली. रत्नागिरीच्या सड्यावरची कातळशिल्पं पाहिलेल्यांना ती परकी वाटणार नाहीत. शिवाय वाटेवरचं हाइल म्हणजे दानशूर हातिमताईचा मुलूख, बरं का!

अंतर एका बाजूने सुमारे १२०० किलोमीटर. म्हणून पाच दिवस: पहिला मुक्काम रियाध, दुसरा हाइल, तिसऱ्या दिवशी जुब्बा पाहून पुन्हा हाइल, मग दोन दिवसांत घर. अंधारात रस्त्यावर उंट येतात, तेव्हा सूर्यास्तानंतर गाडी चालवायची नाही. पेट्रोलचा काटा अर्ध्यावर आला की टाकी भरायची. शुक्रवारी दुपारी नमाजाच्या वेळी दुकानं बंद, म्हणून पाणी आणि दशम्या-चटणी सोबत. रात्री थंडी असते, मुलांचे स्वेटर विसरू नयेत. गाडीला सौदीचा विमा हवा. २०१९ साली सौदीने पर्यटक व्हिसा सुरू केला आणि पुढे आखाती देशांतल्या रहिवाशांचीही सोय झाली. तरी नियम निघण्याआधी पुन्हा पाहावेत.

पण खरी घाई वेगळीच आहे. आमच्यातल्या एका कुटुंबाचा करार मार्चमध्ये संपतोय. बारा वर्षं इथे काढली, मुलगी इथेच जन्मली. तिच्या लेखी अरबस्तान म्हणजे शाळा, मॉल आणि एसी. नोकरी गेली की रेसिडेन्सी जाते, मग हा रस्ता गाडीने पुन्हा कधी होणार? "वाळवंटात तळं कसं असेल?" असं तिने विचारलं, तेव्हा ते तिथे उभं राहूनच सांगायचं असं सगळ्यांनी ठरवलं.

तीन गाड्यांत मिळून अजून चार जागा आहेत. यायचं असेल त्यांनी कोजागिरीच्या कार्यक्रमात जरूर भेटावं.