काळरोधक पोशाख

पाण्यापासून वाचवणारा रेनकोट ज्याला आजवर धड मिळालेला नाही, त्याने काळापासून वाचवणाऱ्या पोशाखावर लिहावं, हे जरा अतीच झालं. पण विषय आमच्या भाच्याने काढला. त्याच्या गोष्टीत समुद्राच्या तळाशी काळ वेडावाकडा वाहतो. वर घटका जाते तोवर खाली पिढी उलटते, नाहीतर त्याच्या बरोब्बर उलट. म्हणून संशोधक एक खास पाणबुडी पोशाख चढवतात. तो घातला की काळ अंगाला लागत नाही.

"मामा, शक्य आहे का हे?" त्याने विचारलं. कॉमर्सच्या पदवीधराला असं कोणी विचारत नाही, त्यामुळे मी खूश होऊन अभ्यासाला लागलो.

पहिली गोष्ट अशी, की काळ खोल पाण्यात खरोखरच हळू चालतो. पृथ्वीच्या पोटाकडे जावं तसं घड्याळ मागे पडतं, असं आइनस्टाइनचं गणित सांगतं. अमेरिकेतल्या शास्त्रज्ञांनी २०१० साली दोन अणुघड्याळांत जेमतेम फूटभर उंचीचा फरक ठेवून ते पडताळूनही पाहिलं. पण मारियाना गर्तेत, म्हणजे सुमारे अकरा किलोमीटर खाली, वर्षभर मुक्काम ठोकला तरी बचत होते सेकंदाच्या दहा लाखांश भागाच्या चाळीसेक पट. अख्खा एक सेकंद वाचवायचा तर पंचवीस हजारांवर वर्षं बुडून राहायला हवं. इतका कमी परतावा आमची बँकसुद्धा देत नाही!

खऱ्या पाणबुड्याचं काळाशी भांडण निराळंच. ऑगस्टस सीबने १८३७ च्या सुमारास शिरस्त्राणाला जोडलेला बंदिस्त पोशाख केला आणि माणूस खाली नीट उतरू लागला. अडचण आली ती वर येताना. दाबाखाली नायट्रोजन रक्तात मुरतो आणि घाईने वर आलं, की सोड्याच्या बाटलीचं बूच काढल्यासारखा फसफसतो. हाल्डेनने १९०८ साली कोष्टकं प्रसिद्ध केली : इतकं खोल, इतका वेळ गेलात, तर वर येताना अमुक ठिकाणी इतकी मिनिटं थांबा. खाली थोडा वेळ, वाटेत ताटकळणं फार. आमच्या काउंटरसमोरच्या रांगेला हे नव्याने समजावून सांगायला नको.

पोशाखाशिवाय गेलं तर काय होतं, ते जपानी लोकांना केव्हापासून ठाऊक आहे. उराशिमा नावाचा कोळी समुद्राखालच्या राजवाड्यात गेला. राजकन्येच्या पाहुणचारात थोडे दिवस काढून परतला, तर गावात तीनशे वर्षं उलटलेली! आपल्याकडे ककुद्मी राजा मुलीसाठी स्थळ विचारायला ब्रह्मलोकी गेला. तिथे गाणं चालू होतं, म्हणून जरा थांबला. तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं संपली आणि यादीतले सगळे नवरदेव नातवंडांसकट इतिहासजमा झाले. शेवटी रेवतीला बलराम मिळाला, म्हणून निभावलं.

उराशिमाने जाताना सहा टक्क्यांनी शंभर रुपये चक्रवाढीने ठेवले असते, तर तीनशे वर्षांत त्याचे सुमारे तीनशे नव्वद कोटी झाले असते. हे आपलं कागदावर. प्रत्यक्षात दोन वर्षं व्यवहार नाही म्हणून खातं निष्क्रिय, आणि दहा वर्षं कोणी फिरकलं नाही म्हणून रक्कम रिझर्व्ह बँकेच्या, २०१४ साली निघालेल्या, त्या खास निधीत. मागितली तर परत मिळते, पण ओळख पटवावी लागते. आणि उराशिमाला ओळखणारं गावात उरलंय कोण?

राजकन्येने त्याला एक पेटी दिली होती. उघडू नकोस म्हणाली होती. त्याने उघडली. आत त्याचंच वय होतं. क्षणात म्हातारा झाला.

"बावळटच!" भाचा म्हणाला.

मला तसं वाटत नाही. गेल्या पावसाळ्यात एक आजी काउंटरवर आल्या. प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेलं नवऱ्याचं जुनं पासबुक. खात्यावर चारशे बारा रुपये. वारस त्याच होत्या, कागद चोख होते. मी फॉर्म पुढे सरकवला, तर म्हणाल्या, "पैशांचं राहू दे रे बाबा. ह्यांची सही असेल ना तुमच्याकडे? दाखवतोस?"

मी स्क्रीन वळवला. त्यांनी चष्मा पुसला, सही पाहिली. "शेवटच्या अक्षराला शेपूट काढायचे," म्हणाल्या. मागे रांग होती. पण त्या दिवशी रांगेतलं कोणीही घड्याळाकडे बघितलं नाही, हे मी शपथेवर सांगतो. मग त्यांनी फॉर्म भरला आणि गेल्या.

पेटी उघडली की वय बाहेर येतं, हे खरं. पण आपली माणसं ज्या काळात होती, तो काळही त्याच पेटीत असतो. तीनशे वर्षं कोरडा राहिलेला माणूस ती बंद ठेवून करणार काय?

तेव्हा असा पोशाख उद्या बाजारात आलाच, तर मी किंमत मागाहून विचारीन. आधी एवढंच विचारीन, की घरातल्या सगळ्यांच्या मापाचे मिळतात का? आई, बायको, मुलगी, झालंच तर शेजारचे जोशी. भांडायला कोणीतरी हवं. सगळे मिळत असतील तर कर्ज काढून घेऊ. एकट्याचाच मिळत असेल, तर राहू द्या. आहे त्या सदऱ्यावर भागवू.