लाल गाडीचे दिवे

अनुवाद हा माझा पोटापाण्याचा व्यवसाय आहे. मूळ लेख दुसऱ्या भाषेत सिद्ध होऊन आमच्या मेजावर येतो आणि आम्ही त्याला मराठी वेष चढवतो. एवढ्याने काम संपले असते तर काय हवे होते! पण मजकूर छपाईस जाण्याच्या आदल्या दिवशी मूळ लेखकाला चार वाक्ये बदलण्याची बुद्धी होते आणि आमचे सजलेले पान पुन्हा उसवावे लागते. मूळ बदलले की त्यावर उभे असलेले सारेच नव्याने तपासावे लागते, हा धडा मी नोकरीत शिकले होते. तोच धडा एका संगणकावरील खेळाच्या निमित्ताने माझ्या घरात पुन्हा गिरवला गेला, आणि शिकवणारे गुरुजी होते माझे वडील, हे सांगितले तर वाचकांना नवल वाटेल.

गोष्ट २०२१ सालच्या एप्रिल महिन्यातील. यजमानांच्या नोकरीमुळे आम्ही बेंगळुरूच्या बेळ्ळंदूर भागात राहतो. त्याच्या आदल्या दिवाळीनंतर आई गेली आणि मी अण्णांना इकडे घेऊन आले. महिनाभर राहून परत जाईन, असे ते म्हणत होते. तेवढ्यात करोनाची दुसरी लाट आली. त्यांचे जाणे राहिले ते राहिलेच. अण्णा एस. टी. महामंडळात यांत्रिक होते. उमेदीची पहिली वर्षे दापोडीच्या मध्यवर्ती कार्यशाळेत आणि पुढची सारी नोकरी घाटावरच्या एका आगारात गेली. ज्या माणसाचे हात चाळीस वर्षे वंगणाने माखलेले होते, तो माणूस आता नवव्या मजल्यावरच्या सज्जात नुसता बसून राहू लागला. शेजारी कन्नड नाही तर इंग्रजी बोलत. वर्तमानपत्रात गाड्या आगारांत उभ्या असल्याची बातमी आली की ते अस्वस्थ होत. "चालणाऱ्या गाडीपेक्षा उभी गाडी लवकर खराब होते," असे म्हणत. ते केवळ गाड्यांविषयी बोलत नव्हते, हे मला कळत होते; पण त्यावर माझ्यापाशी काही उपाय नव्हता.

आमचे चिरंजीव त्या वेळी दहा वर्षांचे. सकाळी शाळा संगणकावर आणि संध्याकाळी खेळही संगणकावरच. त्याच्या आवडत्या खेळाचे नाव 'युरो ट्रक सिम्युलेटर २'. प्राग शहरातील 'एससीएस सॉफ्टवेअर' या संस्थेने तो २०१२ साली काढला. त्यात युरोपच्या रस्त्यांवरून मालमोटार हाकायची, वेळेत माल पोहोचवायचा आणि मिळालेल्या पैशांत धंदा वाढवायचा. खेळात मुळात असतात त्या परदेशी मालमोटारी. पण जगभरच्या हौशी मंडळींनी त्यात आपापल्या देशांच्या गाड्या, रस्ते, पाट्या आणि भोंगे घातले आहेत. या भर घालण्याला 'मॉड' म्हणतात. आपल्याकडच्या अशाच एका हौशी तरुणाने केलेली एस. टी.ची लाल गाडी चिरंजीवांच्या संग्रहात होती. ती पडद्यावर प्रथम पाहिली तेव्हा अण्णा सज्जातून उठून आत आले आणि चष्मा पुसून म्हणाले, "मागची शिडी बरोबर घेतलीय पोरानं."

तेव्हापासून रोज संध्याकाळी आजोबा नातवाच्या शेजारी खुर्ची टाकून बसू लागले. लाल गाडी जर्मनीच्या रस्त्यावरून धावे आणि आजोबा "गिअर टाक, गिअर टाक" म्हणून सांगत. आई गेल्यानंतर त्यांच्या तोंडून इतके शब्द मी ऐकले नव्हते.

आणि एके दिवशी लाल गाडीचे दिवे लागेनात.

खेळाची १.४० क्रमांकाची नवी आवृत्ती रात्रीतून आपोआप उतरली होती. कर्त्यांनी तीत साऱ्या खेळाची प्रकाशयोजना नव्याने बांधली होती. सूर्योदय, पाऊस, रस्त्यावरचे दिवे, सारे पूर्वीहून सुरेख झाले होते. पण जुन्या पद्धतीने बेतलेल्या आमच्या गाडीला त्या नव्या प्रकाशाची भाषा समजत नव्हती. रात्र पडली की ती अंधारात चाचपडे. त्यावर कहर म्हणजे अर्ध्या तासाने खेळच बंद पडे. चिरंजीवांनी आदळआपट केली, डोळ्यांत पाणी आणले आणि सारे पुसून टाकून पहिल्यापासून मांडण्याची धमकी दिली.

"थांब," अण्णा म्हणाले. "काल आणि आज यात काय बदललं?"

"मी काहीच केलं नाही, आजोबा!"

"तू नसशील केलं. पण गाडी आपण होऊन बिघडत नाही. काहीतरी बदललेलं असतं. ते आधी शोधायचं."

अण्णांना संगणक येत नव्हता. पण बिघाड शोधणे येत होते. त्यांनी एक वही मागवली. पहिली आज्ञा अशी झाली की, कशालाही हात लावण्यापूर्वी आतापर्यंतच्या खेळाची एक प्रत काढून दुसरीकडे ठेवायची. "उघडण्याआधी कुठला नट कुठं होता हे ठाऊक पाहिजे." मग सारे मॉड बंद करून मूळ खेळ चालवला. तो बिनतक्रार चालला. म्हणजे दोष भरतीत होता, मुळात नव्हता. मॉड होते एकूण चाळीस. एकेक तपासत बसलो असतो तर आठवडा गेला असता. अण्णांनी त्यांचे दोन भाग केले. वीस चालू, वीस बंद. ज्या भागात बिघाड दिसला त्याचे पुन्हा दोन भाग. चिरंजीव चालू-बंद करीत आणि अण्णा वहीत लिहीत. पाच-सहा फेऱ्यांत अपराधी हाती लागला. पावसाच्या आवाजाचा एक जुना मॉड खेळ बंद पाडत होता. तो ज्या आवृत्तीसाठी केला होता ती केव्हाच मागे पडली होती.

या निमित्ताने मलाही पुष्कळ समजले. खेळ स्वतःच एक नोंदवही लिहीत असतो. कोणती धारिका वाचली, कोठे अडखळले, हे तीत ओळीने येते. ती पाहून अण्णा म्हणाले, "हे आमच्या आगारातल्या तक्रारवहीसारखंच झालं की." मॉडच्या यादीत क्रमालाही अर्थ असतो. दोन मॉड एकाच वस्तूला हात घालत असले, तर यादीत वर असेल त्याचे चालते. आणि प्रत्येक मॉड अमुक आवृत्तीसाठी आहे असे त्याचा कर्ता सांगत असतो. ते न वाचता गोळा केलेला संग्रह म्हणजे अडगळ. चाळिसांतले सतरा मॉड चिरंजीवांनी त्याच दिवशी काढून टाकले. त्यांतले निम्मे आपण कशासाठी घेतले होते हे त्यालाच आठवेना.

लाल गाडीचे दिवे मात्र लागले नाहीत.

अण्णांनी त्याला दापोडीची हकिकत सांगितली. गाडीचा सांगाडा, म्हणजे चासी, कारखान्यातून येते. तिच्यावर बॉडी बांधतात ती आमच्या कार्यशाळेत. कारखान्याने चासीत फरक केला की काल बरोबर बसणारी बॉडी आज बसत नाही. "मग कारखान्यावर रागावून चालत नाही आणि बॉडी बांधणाऱ्यावरही नाही. नवीन माप घ्यायचं." येथे चासी म्हणजे खेळ आणि बॉडी म्हणजे मॉड, हे नातवाला सांगावे लागले नाही. मला तर माझे मेज आणि त्यावरचा उसवलेला मजकूर दिसू लागला.

पण नवे माप घ्यायला बॉडी बांधणारा हवा. तो हौशी तरुण कोण, कोठला, हे आम्हाला ठाऊक नव्हते. खेळ ज्या 'स्टीम' नावाच्या दुकानातून येतो तेथे, जुने मॉड चालावेत म्हणून, आधीची आवृत्ती निवडण्याची सोय असते. ती तात्पुरती निवडून आम्ही गाडी पुन्हा रस्त्यावर आणली आणि कर्त्याला निरोप लिहिला. चिरंजीवांचा पहिला मसुदा "तुमची गाडी बिघडली आहे, लवकर दुरुस्त करा" असा होता. अण्णांनी तो परत केला. "तो आपला नोकर आहे काय? फुकट दिलंय त्यानं. काय होतंय, कधी होतंय, कुठल्या आवृत्तीत होतंय, एवढं नीट लिही. आणि शिडी बरोबर घेतलीय, हेही लिही."

उत्तर एकोणीस दिवसांनी आले. कर्ता शिकत होता तेव्हा ती गाडी त्याने केली होती. आता नोकरी लागली होती आणि घरात आजारपण होते. सवड झाल्यावर पाहीन, असे त्याने लिहिले होते. शेवटी विचारले होते की, शिडीविषयी इतक्या बारकाईने लिहिणारे गृहस्थ कोण? अण्णांनी ते उत्तर माझ्याकडून दोनदा वाचून घेतले. जून सरता सरता नवी धारिका आली. त्या रात्री चिरंजीवांनी खोलीतला दिवा मालवला, नवी आवृत्ती लावली आणि कळ दाबली. समोरचा रस्ता उजळला. अण्णा काही बोलले नाहीत. वही ओढून त्यांनी तारीख घातली, आवृत्तीचा क्रमांक लिहिला आणि खाली नोकरीत करीत तशी सही केली.

आमच्या सज्जातून बेळ्ळंदूरचा तलाव दिसतो. एके काळी गावाची तहान भागवणारे हे पाणी शहराच्या सांडपाण्याने इतके नासले की २०१७ आणि २०१८ साली तलावाला आग लागल्याची बातमी देशभर गेली. गाळ काढण्याचे काम पुढे सुरू झाले. ते पाहताना अण्णा एकदा म्हणाले होते, "तळं बांधणाऱ्याचं नाव राहतं. गाळ काढणाऱ्याचं कोण विचारतंय? पण पाणी त्याच्यामुळंच राहतं." खेळातल्या गाडीचा आणि तलावाचा संबंध जोडणे वाचकांना अतिशयोक्तीचे वाटेल. मला त्या दिवसापासून तसे वाटत नाही.

वाहतूक सुरू झाल्यावर अण्णा गावी परतले, आणि आता तेथेच असतात. शेजारच्या मुलाच्या दुचाकीपासून देवळातल्या पंपापर्यंत साऱ्यांची दुरुस्ती त्यांच्याकडे येते. चिरंजीव मोठे झाले असून लाल गाडीचे बारीकसारीक फेरफार, कर्त्याची परवानगी घेऊन, आता स्वतःच करतात. वही अजून चालू आहे. सहीच्या रकान्यात अक्षर तेवढे बदलले. खेळाची नवी आवृत्ती आल्याचे नातू फोनवर सांगतो, तेव्हा पलीकडून पहिला प्रश्न ठरलेला असतो.

"आधी प्रत काढलीस का?"