फुलपांखराचें लक्षण

गाय कशास म्हणावें, हा प्रश्न दिसतो तितका सोपा नाहीं. शिंगें असलेली ती गाय असें म्हटलें, तर म्हैसही गाय ठरते; तांबडी ती गाय असें म्हटलें, तर पांढऱ्या गाईनें जावें कोठें? आणि जिचा खूर अखंड आहे ती गाय असें म्हटलें, तर जगांत एकही गाय उरत नाहीं. आमच्या नैयायिकांनीं या तीन दोषांस अनुक्रमें अतिव्याप्ति, अव्याप्ति आणि असंभव अशीं नांवें दिलीं, आणि गळ्याखालीं लोंबणारी कातडीची पोळी हें गाईचें खरें लक्षण ठरविलें. तर्कसंग्रहाच्या परंपरेंतील हें उदाहरण आम्हीं संस्कृताच्या तासाला कितीदां सांगितलें असेल, त्याची गणती नाहीं. मुलें तें पाठ म्हणत, परीक्षेंत लिहीत आणि विसरत. त्याचा प्रत्यक्ष उपयोग मात्र आम्हांस सेवानिवृत्तीनंतर, आणि तोही इंग्लंडांतील एका परसबागेंत करावयास मिळाला.

आमच्या वाचकांपैकीं पुष्कळांचीं मुलें आज विलायतेस आहेत, आणि उन्हाळ्यांत आईबापांनीं तेथें दोन-तीन महिने जाऊन राहावें ही आतां घरोघरची रीत झाली आहे. पहिले आठ दिवस नवलाईंत जातात. पुढें मुलगा कचेरीस, सूनबाई आपल्या कामास, नात शाळेस, आणि घरांत आपण. वाटेंत भेटणारा मनुष्य हवेविषयीं दोन गोड शब्द बोलतो खरा; परंतु त्यास आपलें नांव ठाऊक नसतें, आपणांस त्याचें नसतें. ज्या प्रदेशांतील एकाही झाडाचें, पक्ष्याचें वा कीटकाचें नांव आपणांस सांगतां येत नाहीं, तेथें मनुष्य कितीही सुखांत असला तरी परकाच राहतो. हें परकेपण घालविण्यास आम्हांस फुलपांखरें उपयोगी पडलीं.

भारतांत फुलपांखरांच्या तेराशेंहून अधिक जाती आहेत. त्या सर्व ओळखूं म्हणणाऱ्यास एक जन्म पुरावयाचा नाहीं. ब्रिटनमध्यें त्या अवघ्या ५९ आहेत : ५७ तेथें कायम राहणाऱ्या आणि दोन दरवर्षीं बाहेरून येणाऱ्या. त्यांतही साध्या बागेंत आणि शेताच्या कुंपणाकडेला नित्य दिसणाऱ्या जाती वीसांच्या आंतबाहेर. शब्दरूपावलि पाठ केलेल्या मनुष्यास हें ओझें मुळींच जड नाहीं. एप्रिलपासून सप्टेंबरपर्यंतचे दिवस साधावे, ऊन पडलेली व वारा नसलेली वेळ पाहावी, आणि आपली सावली फुलावर पडूं न देतां स्वस्थ उभें राहावें. पुढचें काम लक्षणाचें.

पहिला धडा पांढऱ्या फुलपांखरांचा. सूनबाईंनीं लावलेल्या कोबीवर पांढरीं फुलपांखरें घिरट्या घालीत, आणि घरांत त्या सर्वांस 'कोबीचें फुलपांखरूं' असें एकच नांव होतें. ही शुद्ध अतिव्याप्ति. कोबीचे खरे शत्रु दोन. 'लार्ज व्हाइट' मोठें. त्याच्या पुढच्या पंखाच्या टोंकाचा काळा रंग गडद असून कडेनें बराच खालीं उतरलेला असतो, आणि तें आपलीं पिवळीं अंडीं पुंजक्यानें घालतें. 'स्मॉल व्हाइट' लहान. त्याच्या टोंकाचा डाग फिकट आणि आंखूड, आणि तें एकेक अंडें सुटें ठेवतें. तिसरें 'ग्रीन-व्हेन्ड व्हाइट'. तें पंख मिटून बसलें म्हणजे मागच्या पंखाच्या खालच्या अंगास शिरांवरून हिरवट-करडी पूड भुरभुरल्यासारखी दिसते. हें ओलसर कुरणांत रमतें, आणि याच्या अळ्या सहसा कोबीच्या वाटेस न जातां मोहरीच्या कुळांतील रानवनस्पती खातात. म्हणजे दोघांच्या अपराधाची शिक्षा घरांत तिघांस होत होती.

चौथें 'ब्रिमस्टोन', म्हणजे गंधक. नर नांवाप्रमाणें पिवळाधमक. मादी मात्र फिकट हिरवट-पांढरी, उडतांना लार्ज व्हाइटच वाटावी अशी. परंतु तिच्या पंखांस काळें टोंक नाहीं, आणि बसली कीं ती पंख मिटूनच बसते, तेव्हां थेट पानासारखी दिसते. हीं फुलपांखरें सारा हिंवाळा आयव्हीच्या वेलींत पानांसारखींच लपून काढतात आणि वसंताच्या पहिल्या उबदार दिवशीं बाहेर पडतात. फुलपांखराचें आयुष्य एका दिवसाचें, असें आपण सहज बोलून जातों. हें ब्रिमस्टोन तर पंख फुटल्यापासून वर्षाच्या जवळपास जगतें. असंभव दोषाचें याहून चांगलें उदाहरण आम्हांस ठाऊक नाहीं.

अव्याप्तीसाठीं 'ऑरेंज टिप' पाहावें. नराच्या पुढच्या पंखांचीं टोंकें नारिंगी. तेंच लक्षण धरलें तर मादी बाहेर राहते, कारण तिच्या अंगावर नारिंगी ठिपकाही नसतो. दोघांस व्यापणारें लक्षण पंखाच्या खालीं आहे : मागच्या पंखाच्या खालच्या अंगावरील शेवाळासारखी हिरवी नक्षी. फुलपांखरूं आपली शोभा वरच्या बाजूस मांडतें, पण ओळख पुष्कळदां खालच्या बाजूस ठेवतें. हें सूत्र आम्हांस येथून सांपडलें, आणि पुढें पावलोपावलीं उपयोगीं पडलें. 'पीकॉक' नांवाच्या फुलपांखराच्या चारी पंखांवर मोरपिसासारखे डोळे असतात; तें कोणीही ओळखील. पण पंख मिटले कीं तें जळक्या लांकडासारखें काळें दिसतें. 'कॉमा'चे पंख कोणीं कुरतडल्यासारखे, आणि खालच्या अंगास स्वल्पविरामाएवढी एक पांढरी खूण. व्याकरण शिकविणाऱ्यास हें फुलपांखरूं विशेष प्रिय व्हावें यांत नवल नाहीं.

निळ्या फुलपांखरांत बागेंत हॉली व आयव्ही यांच्या उंच झुडपांभोंवतीं फिरणारें बहुधा 'हॉली ब्लू' असतें. त्याच्या खालच्या अंगास रुपेरी-निळसर रंगावर बारीक काळे ठिपके, बस्स. मोकळ्या गवतांत खालीं उडणारें तें 'कॉमन ब्लू'. त्याच्या खालच्या अंगास पांढऱ्या वर्तुळांतील काळ्या ठिपक्यांबरोबर कडेनें नारिंगी टिकल्या असतात. एका रविवारीं आमच्या नातीनें विचारलें, "आजोबा, ह्याला मराठींत काय म्हणतात?" आमच्याकडे हें फुलपांखरूं नाहीं, म्हणून रूढ नांवही नाहीं. परंतु शास्त्रज्ञांनीं त्याच्या गणास दिलेलें ग्रीक नांव 'पॉलिओमॅटस', म्हणजे पुष्कळ डोळ्यांचा. आपल्याकडे तो सहस्राक्ष इंद्र. हें ऐकतांच मुलीनें त्यास 'सहस्राक्ष' म्हणावयास आरंभ केला. इंग्रजी शाळेंतील ही मुलगी एरवीं आमच्या चार वाक्यांस एका शब्दानें उत्तर देई, आतां कुंपणापाशीं उभी राहून "आजोबा, दोन सहस्राक्ष!" म्हणून हांक मारूं लागली. एखादें नांव जिवंत राहावयास निदान दोन माणसें लागतात; तीं आमच्या घरांत झालीं.

तपकिरी रंगाच्या मंडळींस ओळखावयास डोळा मोजावा लागतो. 'मेडो ब्राउन' आणि 'गेटकीपर' या दोहोंच्या पुढच्या पंखावर काळा डोळा असतो. मेडो ब्राउनच्या डोळ्यांत बहुधा एक पांढरा ठिपका, गेटकीपरच्या डोळ्यांत दोन. गेटकीपर आकारानें लहान, नारिंगी रंग अधिक, आणि राहण्याची जागा कुंपणाची कड. कित्येकदां रंगापेक्षां जागाच बोलकी असते. झाडीखालीं ऊन-सावलीची जाळी पडली आहे, आणि तेथें पिवळसर ठिपक्यांचें एक तपकिरी फुलपांखरूं उन्हाच्या एका कवडशावर पहारा करीत आहे, असें दिसलें कीं तें 'स्पेकल्ड वुड' समजावें. दुसरा नर आला कीं दोघे गिरक्या घेत वर चढतात. या झुंजींत आधींचा मालकच जिंकतो, असें निकोलस डेव्हिस या शास्त्रज्ञानें १९७८ सालीं आपल्या निरीक्षणांवरून लिहिलें. ज्याचा ताबा त्याची जागा, हा न्याय केवळ माणसांचा नव्हे तर!

हीं नांवें कोणा राजसभेनें ठरविलेलीं नाहींत. लंडनमधील जेम्स पेटिव्हर या औषधविक्रेत्यानें सतराव्या शतकाच्या अखेरीपासून अनेक फुलपांखरांचें नामकरण केलें. त्यास नमुने पाठविणाऱ्यांत एलिनॉर ग्लॅनव्हिल नांवाची एक बाई होती. ती १७०९ सालीं वारल्यावर तिच्या मृत्युपत्रावरून नातलगांनीं वाद घातला. आणि फुलपांखरांमागें धांवणें हें तिच्या वेडेपणाचें प्रमाण म्हणून पुढें करण्यांत आलें, असें मोझेस हॅरिस यानें १७६६ सालच्या आपल्या ग्रंथांत नोंदविलें आहे. आज 'ग्लॅनव्हिल फ्रिटिलरी' या फुलपांखराच्या रूपानें तिचें नांव राहिलें आहे. तिला वेडी ठरविणाऱ्यांचीं नांवें कोणी विचारीत नाहीं.

परक्या बागेंत एक ओळखीचा चेहराही भेटला. 'पेंटेड लेडी' हें नारिंगी-काळें फुलपांखरूं महाराष्ट्रांतही आढळतें. ब्रिटनचा हिंवाळा त्यास सोसत नाहीं. तें वसंतांत आणि उन्हाळ्यांत दक्षिणेकडून, मूळ आफ्रिकेकडून, पिढ्यांमागून पिढ्या करीत तेथें पोंचतें. २००९ सालीं सुमारें एक कोटि दहा लक्ष फुलपांखरें ब्रिटनमध्यें आलीं, असा अंदाज आहे. शरदांत तीं कोठें जातात हें फार काळ गूढ होतें. २०१२ सालीं प्रसिद्ध झालेल्या अभ्यासावरून कळलें कीं तीं परत दक्षिणेस जातात, परंतु सरासरी पांचशें मीटरांहून अधिक उंचीवरून, म्हणून रडारच्या यंत्रास दिसलीं तरी माणसाच्या दृष्टीस पडत नव्हतीं.

आतांपर्यंतचें सर्व ज्ञान करमणुकीचें वाटेल. पण लक्षण चुकलें तर काय होतें, हें 'लार्ज ब्लू'नें दाखविलें. या फुलपांखराची अळी आरंभींचे कांहीं दिवस रानटी थाइमच्या फुलांवर राहते, मग जमिनीवर पडते. लाल मुंगी तिला आपलेंच पिलूं समजून वारुळांत नेते, आणि ही पाहुणी सुमारें दहा महिने मुंग्यांच्याच अळ्या खाऊन वाढते. इतकें विद्वानांस ठाऊक होतें. म्हणून फुलपांखराच्या रक्षणासाठीं कांहीं जागीं कुंपणें घातलीं गेलीं, संग्रह करणारे आणि गुरें दोन्ही बाहेर ठेवलीं गेलीं. आणि तरी फुलपांखरूं कमीच होत गेलें. कारण 'लाल मुंगी' या लक्षणांतच अतिव्याप्ति होती. जेरेमी थॉमस यांनीं १९७० नंतरच्या दशकांत शोधून काढलें कीं, लाल मुंग्यांच्या अनेक जातींपैकीं मुख्यतः एकाच जातीच्या वारुळांत ही अळी तरते, आणि त्या मुंगीस उन्हानें तापलेली, आंखूड गवताची जमीन लागते. गुरें चरावयाचीं थांबलीं, सशांमध्यें रोग पसरून तेही गेले. गवत वाढलें, जमीन थंड झाली, मुंगी गेली, आणि मुंगीमागोमाग फुलपांखरूं. १९७९ सालीं तें ब्रिटनमधून नाहींसें झालें. पुढें १९८३ पासून स्वीडनमधील अळ्या आणून, चराईचा मेळ घालून, तें पुन्हां वसविण्यांत आलें. सॉमरसेटच्या टेकड्यांवर तें आज चांगलें नांदत आहे. ज्या प्रेमानें कुंपण घातलें तें खोटें नव्हतें; उणें होतें तें लक्षण.

म्हणूनच तेथील लोक मोजदादीस इतकें महत्त्व देतात. १९७६ पासून स्वयंसेवक दर आठवड्यास ठराविक वाटेनें चालून फुलपांखरें मोजीत आले आहेत. २०१० पासून उन्हाळ्यांत सर्वसाधारण लोकांसाठींही एक गणती होते. कोणीही एका जागीं पंधरा मिनिटें बसावें आणि दिसलेलीं फुलपांखरें जातवार टिपून कळवावीं. २०२३ सालीं एका गणतींत सरासरी बारा फुलपांखरें दिसलीं होतीं. २०२४ च्या ओल्या, गारठ्याच्या वर्षीं अवघीं सात, म्हणजे तोंवरच्या सर्व वर्षांत कमी. आमचा सहस्राक्ष त्या वर्षीं या गणतींतील आपल्या नीचांकास गेला.

इतकीं वर्षें मास्तरकी केल्यावर आम्हांस एवढें निश्चित कळतें कीं, हजेरीपटावर ज्या मुलाचें नांव नाहीं, तो गैरहजर आहे हें कोणाच्याच लक्षांत येत नाहीं. सर्व पांढऱ्यांस एक नांव आणि सर्व तपकिरींस दुसरें, अशा हजेरीपटावरून दोन-चार जण कायमचे निघून गेले तरी वर्ग भरलेलाच दिसेल. सूनबाईंनीं त्यानंतर कोबीवर जाळी घातली, कोपऱ्यांतील अंगाची आग करणारी नेटल मात्र उपटावयाची राहूं दिली. कारण पीकॉकच्या अळ्या तिच्यावरच वाढतात.

ज्या वाचकांस पुढील उन्हाळ्यांत विलायतेस जाणें घडेल, त्यांनीं लोणच्याच्या बरण्यांबरोबर एक लहान वही न्यावी. पहिल्या वर्षीं दहा नांवें पुरे. एखादें फुलपांखरूं फुलावर बसलें तर त्याचा वरचा रंग पाहून लगेच नांव लिहूं नये. तें पंख मिटेपर्यंत थांबावें.