उंबऱ्याबाहेरचा पाहुणा

उर्दूत बोलताना 'मैं'पेक्षा 'हम' तोंडात बसलेला असतो. मराठीत लिहायला बसलो की त्याचंच 'आम्ही' होतं. हे 'आम्ही' कधी एकटीचं असतं, कधी आम्हा तिघी बहिणींचं. आज जे लिहायचं आहे ते एकटीने कबूल करायची हिंमत नाही, म्हणून तिघींच्या वतीने लिहितो.

कबुली अशी, की आम्हाला एक रक्त पिणारा माणूस फार आवडला होता.

साल २०१०. स्टार वन वाहिनीवर 'प्यार की ये एक कहानी' नावाची मालिका सुरू झाली. विवियन डिसेनाने रंगवलेला अभय रायचंद हा व्हॅम्पायर, आणि सुकीर्ती कांडपाल ही त्याची पिया. अब्बा इशाच्या नमाजला गेले की आवाज बारीक करून आम्ही टीव्हीसमोर बसायचो. अम्मी स्वयंपाकघरातून ओरडायची, "क्या देखरे गे?" धाकटी उत्तर द्यायची, "कॉलेज की कहानी है, अम्मी." ते खोटंही नव्हतं. फक्त त्या कॉलेजातल्या एका पोराला माणसाच्या रक्ताची तहान होती, एवढं सांगायचं राहून जायचं.

आमच्या घरात जिन्नांच्या गोष्टी कमी नव्हत्या. चिंचेखालून मगरिबनंतर जायचं नाही, केस मोकळे सोडून गच्चीवर उभं राहायचं नाही, हे सगळं आम्ही ऐकत वाढलो. पण जिन्नाला घाबरायचं असतं. अभयला आम्ही घाबरत नव्हतो. तो आला की थोरली आपा ओढणी सारखी करायची, आणि धाकटी तिच्याकडे बघून हसायची. भीतीच्या गोष्टीत ही ओढणी सारखी करण्याची पाळी कुठून आली, हा प्रश्न तेव्हा पडला नाही. बी.एड. झालं, नोकरी लागली, हातात पुस्तकं आणि जुने चित्रपट आले, तेव्हा थोडं थोडं उलगडत गेलं.

व्हॅम्पायर काही पहिल्यापासून देखणा नव्हता. युरोपातल्या खेड्यांच्या समजुतीत तो कबरीतून उठलेला, फुगलेला, दुर्गंधी येणारा मुडदा होता. त्याला उंची कपडे घातले ते लेखकांनी. कवी बायरनचा डॉक्टर जॉन पोलिडोरी याने १८१९ साली एका कथेत त्याला लॉर्ड केलं, मेजवान्यांना नेलं आणि बायकांना भुरळ पाडायला लावलं. ब्रॅम स्टोकरची 'ड्रॅक्युला' कादंबरी आली १८९७ मध्ये. तिच्यातला काउंट पांढऱ्या मिशांचा म्हातारा आहे, त्याच्या तळहातांवर केस आहेत. १९२२ च्या 'नोस्फेरातू' या जर्मन मूकपटात तर तो टकला, उंदरासारख्या दातांचा आहे. त्याच्याकडे बघून कोणी ओढणी सारखी केली नसती, पळच काढला असता.

पडद्यावर तो रूप बदलून आला १९३१ साली. हंगेरीहून अमेरिकेत गेलेला बेला लुगोसी हा नट संध्याकाळच्या उंची पोशाखात, एकेक शब्द सावकाश उच्चारत उभा राहिला. त्या चित्रपटात त्याचे सुळे दिसतच नाहीत, दिसतात ते डोळे. मग १९५८ मध्ये ब्रिटिश 'ड्रॅक्युला'त क्रिस्टोफर ली आला. साडेसहा फुटांच्या आसपास उंची, संवाद अगदी मोजके, आणि रंगीत पडद्यावर लाल रक्त. त्यात ल्युसी नावाच्या मुलीचा प्रसंग आहे. आजारी म्हणून तिला खोलीत निजवलेलं असतं. सगळे गेल्यावर ती उठते, दार उघडते, गळ्यातला क्रूस काढून ठेवते आणि पलंगावर पडून वाट बघते. आम्ही तो प्रसंग प्रथम पाहिला तेव्हा लक्षात आलं, की त्या खोलीत अजून कोणी आलेलंही नाही, तरी आमचा श्वास अडकला आहे. सगळी जादू त्या उघड्या दारात होती.

हा पाहुणा आपल्या जुबानीतही येऊन गेला आहे. १९६७ साली लाहोरला ख्वाजा सरफराज यांनी 'ज़िंदा लाश' हा उर्दू चित्रपट केला. त्यातला प्रोफेसर तबानी, म्हणजे नट रेहान, मरणावर मात करायला आब-ए-हयात बनवून पितो आणि व्हॅम्पायर होतो. क्रूस नाही, पाद्री नाही, पण रात्र तीच आणि बायकांच्या डोळ्यांतली धुंदीही तीच. मजहब बदलला, मुल्क बदलला, तरी ते आकर्षण बदललं नाही.

मग हे आकर्षण कशाचं? मोठे लोक म्हणतील, नुसत्या वासनेचं. तेही असेल. पण आम्हाला वाटतं, त्याचं एक कारण उंबऱ्यात आहे. स्टोकरच्या कादंबरीत नियम सांगितला आहे, की घरातल्या कोणी बोलावल्याशिवाय तो पहिल्यांदा आत येऊ शकत नाही. २००८ सालच्या 'लेट द राइट वन इन' या स्वीडिश चित्रपटात ती रक्त पिणारी पोर बोलावणं नसताना खोलीत पाऊल टाकते, तर तिच्याच अंगातून रक्त वाहू लागतं. इतका ताकदवान, इतका भुकेला, आणि तरी दारात थांबतो, "येऊ का?" विचारतो.

आम्ही एस.टी.ने कॉलेजला जायचो. गर्दीत जे हात येतात ते विचारून येत नाहीत. ज्या मुलीला रोज असे हात चुकवत दाराजवळच्या दांड्याला धरून उभं राहावं लागतं, तिला विचारणारा व्हॅम्पायर शरीफ वाटला, तर त्यात नवल काय?

आणि विचारून आत येण्याची रीत आपल्याला परकी आहे का? सूरह नूरमध्ये हुकूम आहे, की दुसऱ्याच्या घरात परवानगी घेतल्याशिवाय आणि सलाम केल्याशिवाय शिरू नये. निकाहातही मुलीला विचारल्यावाचून पुढे जाता येत नाही. २०११ मध्ये आपाचा निकाह झाला. वकील आणि दोन गवाह बायकांच्या खोलीत आले, विचारलं. आपाची मान खाली होती. शेजारी बसलेल्या खालाने लगेच सांगितलं, "हाँ बोल दी, हाँ बोल दी." कागद पुढे आला, सही झाली. आपा अजून म्हणते, "मी नाही म्हणणार नव्हतेच. पण मी काही बोललेच नव्हते." दुल्हेभाई चांगले आहेत, तक्रार काही नाही. विचारणारे उत्तरासाठी थांबले नाहीत, एवढीच सल आहे.

म्हणूनच पुढे 'ट्वायलाइट' पाहिला तेव्हा आमचं मन थोडं खट्टू झालं. २००८ च्या त्या चित्रपटाने जगभरच्या मुलींना वेड लावलं. त्यातला एडवर्ड रक्ताची तहान आवरतो, पुढच्या भागांत लग्नाआधी मर्यादा पाळतो. अगदी आपल्या घरात चालेल असा मुलगा! पण तो रात्री खिडकीतून बेलाच्या खोलीत येतो आणि तिला झोपलेली बघत बसतो, तिला न विचारता. दुष्ट ड्रॅक्युलाला लागू असलेला नियम या भल्या मुलाला लागू नाही. देखणेपणाची सवलत म्हणतात ती हीच.

२०१४ चा एक फारसी चित्रपट मात्र मनातून जात नाही. अ‍ॅना लिली अमीरपूर या दिग्दर्शिकेने तो कॅलिफोर्नियात चित्रित केला, काळ्यापांढऱ्या रंगात. त्यातली रक्त पिणारी मुलगी चादर ओढून रात्री एकटी रस्त्याने फिरते. बाईला छळणारा दलाल तिला घरी नेतो आणि स्वतःच संपतो. अरश नावाचा भला पोरगा तिच्या खोलीत येतो, गळा तिच्या ओठांसमोर असतो, आणि ती त्याच्या छातीवर कान ठेवते. चादर पाहून घाबरायचं की जीव जडवायचा, हे बघणाऱ्याला ठरवता येत नाही. घ्यायचं की सोडायचं, हे ती ठरवते.

हे सारं आठवायचं कारण गेल्या वर्षी वर्गात घडलं. नववीच्या एका मुलीच्या विज्ञानाच्या वहीत, शेवटच्या पानावर, पेन्सिलने काढलेला एक तरुण सापडला. लांब पापण्या, ओठांबाहेर दोन सुळे. खाली सुंदर नस्तालीक अक्षरात लिहिलं होतं, 'दरवाज़ा खुला है'. शेजारच्या वर्गावरच्या बाई म्हणाल्या, "घरी कळवा. उद्या काही झालं तर आपल्यावर येईल."

आमचे हात थंड पडले. कारण नोकरीच्या पहिल्या वर्षी अशीच एक वही आम्ही नियमाप्रमाणे वर दिली होती. त्यात चित्रही नव्हतं, फक्त एका मुलाचं नाव होतं. ती मुलगी दिवाळीच्या सुटीनंतर शाळेत आलीच नाही. मंगनी झाली, एवढं कानावर आलं. तिची हजेरी आम्ही कितीतरी दिवस लावत राहिलो, गैरहजर, गैरहजर. ती वही आम्ही दिली होती, दुसऱ्या कोणी नाही.

या वेळी वही दप्तरात घातली आणि सुटी झाल्यावर मुलीला थांबवलं. ती रडायच्या बेतात होती.

"कोण आहे हा?"

"स्टीफन, मिस. 'व्हॅम्पायर डायरीज'मधला. भाईच्या मोबाइलवर बघितलं."

"आणि दार का उघडं?"

"मिस, बोलावल्याशिवाय त्यांना येता येत नाही." मग जरा धीर येऊन म्हणाली, "पण एकदा बोलावलं की परत घेता येत नाही."

आम्ही तिला सांगितलं, की सगळीकडे तसं नाही. 'ट्रू ब्लड' नावाच्या दुसऱ्या मालिकेत बाईने बोलावणं मागे घेतलं की व्हॅम्पायर उलट्या पावली दाराबाहेर ओढला जातो. दिलेला होकार मागे घेता येतो, बेटा. आणि जो न विचारता येतो, तो कितीही देखणा असला तरी चोरच.

ती विचारात पडली. मग एकदम चेहरा उजळला. "मिस, आमच्या मालिकेत अजून एक आहे. स्टीफन आणि त्याचा भाऊ आपलं घर एलेनाच्या नावावर करतात. कागदावर सही होते, आणि दोघं स्वतःच्याच घराबाहेर उभे! ती एकेकाला आत घेते, आणि मोठ्याकडून आधी वचन घेते."

आम्हाला हसू आवरेना. ती पण हसली. वही परत दिली, विज्ञानाचे राहिलेले प्रश्न शनिवारपर्यंत पूर्ण करायला सांगितले. घरी काही कळवलं नाही. बरोबर केलं की चूक, याचा हिशोब अजून मनात चालू आहे. ती रोज शाळेत येते, एवढं खरं.

रात्री आपाला फोन लावून सगळं सांगितलं. अभय रायचंदचं नाव ऐकून ती लाजली, तिची मुलगी शेजारीच होती म्हणून आवाज बारीक केला, अगदी तेव्हाच्या टीव्हीसारखा. सगळं ऐकून घेतल्यावर थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "ते घर कोणाच्या नावावर केलं म्हणालीस?"