खर्जाची जागा

घरात नवी वस्तू आली की ती कोठे ठेवावयाची, हा प्रश्न बहुधा त्या दिवशीच्या जेवणाआधी सुटतो. घड्याळाला खिळा सापडतो, कपाटाला कोपरा सापडतो, आणि जिला काहीच सापडत नाही ती वस्तू माळ्यावर जाते. गेल्या भाद्रपदात आमच्याकडे मात्र अशी एक वस्तू आली, की तिला जागा मिळावयास दसरा उजाडावा लागला. वस्तू घरातली नव्हती, मोटारीतली होती. तिचे नाव सबवूफर.

आमची धाकटी कन्या इंदूरला नोकरी करते. पहिल्या वर्षाच्या शिलकीतून आमच्या मोटारीला काही भेट द्यावी, असे तिने ठरविले. "बाबा, तुमच्या गाडीत गाणं वाजतं, पण त्याला पाय नाहीत," ती म्हणाली. मोटारीच्या दारांत बसविलेले लहान ध्वनिक्षेपक वरचे आणि मधले स्वर बरे काढतात; अगदी खालचे स्वर काढण्याइतकी हवा ढकलणे त्यांच्या आवाक्याबाहेर असते. त्यासाठी मोठ्या पडद्याचा, पेटीत बसविलेला वेगळा ध्वनिक्षेपक लागतो. हे गाण्याचे पाय.

दुकानदाराने मोटारीकडे एकदाच पाहिले आणि निकाल दिला, "डिग्गी में लगवाइए साहब, शीशे काँप उठेंगे." आम्ही ग्वाल्हेरचे मराठी लोक ज्या भागाला डिकी म्हणतो, त्याला इथला बाजार डिग्गी म्हणतो. शब्दाबद्दल आमचा वाद नव्हता. अडचण एवढीच होती की आमच्या डिकीत आधीच एक बिऱ्हाड होते. तेथे नानांची चाकांची खुर्ची घडी होऊन राहते.

नाना म्हणजे आमचे वडील. वय ८६. आयुष्यभर शाळेत गणित शिकविले आणि पहाटे गाणे केले. मैफलीचे गवई ते कधीच नव्हते. पण ग्वाल्हेरात जन्मलेल्या माणसाने गाणे करावयास मैफल लागतेच असे नाही. इथली गायकी वासुदेवबुवा जोशी यांच्याकडून बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांनी घेतली आणि दक्षिणेत नेली. पुढे १९१८ साली भातखंड्यांच्या प्रयत्नाने माधव संगीत महाविद्यालय निघाले, आणि २०२३ मध्ये युनेस्कोने या गावाला संगीताचे शहर म्हणून मान दिला. नानांच्या लेखी मात्र गाणे म्हणजे पहाटेचा खर्ज. मंद्रातल्या षड्जावर ते अर्धा अर्धा तास स्थिर राहात, आणि शेजारच्या खोलीत आम्ही अंथरुणात असलो तरी भिंतीतून तो स्वर पाठीला लागे.

वार्धक्यात कान जातात ते वरून. आधी तारसप्तकाची धार जाते, मग बोलण्यातले स, श, फ, त जातात, आणि माणूस आपला आवाज ऐकतो पण शब्द ऐकत नाही. नानांचे तसे झाले. कानातल्या यंत्राने बोलणे थोडे सुधारले. गाणे सुधारले नाही. "पत्र्यावर पाऊस पडतो तसं ऐकू येतं," असे ते एकदा म्हणाले, आणि मग त्यांनी तो विषय काढला नाही. गेली आठ वर्षे तंबोरा गवसणीत आहे. दर रविवारी आम्ही त्यांना मोटारीतून फूलबागेत नेतो, खुर्ची उघडतो आणि तासभर हिंडवून आणतो. डिकीतले बिऱ्हाड हलविणे म्हणजे हा रविवार मोडणे.

तेव्हा सबवूफर डिकीत नाही, तर कोठे? आम्ही कन्येला अगदी भाबडा प्रश्न केला, की हा खालचा आवाज कोठून येतो हे कानाला कळते तरी का? ती हसली आणि म्हणाली, "कळत नाही, हीच तर गंमत आहे." ध्वनी सेकंदाला सुमारे ३४५ मीटर चालतो. सेकंदाला ६९ कंपने असलेल्या स्वराची एक लाट त्यामुळे ५ मीटर लांब होते. आपल्या दोन कानांत अंतर ते केवढे! एवढी लांब लाट दोन्ही कानांवर जवळजवळ सारखीच येऊन पडते आणि कान दिशा सांगू शकत नाहीत. साधारण ८० कंपनांच्या खाली ही स्थिती असते.

"मग कोठेही ठेवा की," आम्ही म्हणालो.

येथेच आमची चूक होती. फारच खालचा स्वर असला तर बंद मोटार भात्यासारखी वागते. सगळी हवा एकदम दाबली जाते, एकदम सैल होते, आणि पेटी पुढे की मागे याने थोडाच फरक पडतो. पण त्याहून थोडे वर आले, की पुढच्या काचेवरून आणि मागच्या दारावरून परतलेल्या लाटा एकमेकींना भेटतात. एका आसनावर त्या मिळून दुप्पट होतात, दुसऱ्यावर एकमेकींना खाऊन टाकतात. म्हणजे ज्या आवाजाला दिशा नाही, त्याची जागा मात्र फार विचाराने ठरवावी लागते. आणि ती कोणाच्या कानासाठी ठरवावयाची, हेही आधी ठरवावे लागते.

याच सुमारास आमचे मेहुणे फोंड्याहून आले. आमच्या सौभाग्यवतींचे माहेर तिकडचे. चतुर्थीच्या आरतीत घुमट वाजविणारा हा गृहस्थ सबवूफरच्या वादात पडणार नाही, अशी आमची कल्पना होती. तो तत्काळ पडला. घुमट आमच्या गोव्याच्या वाचकांना सांगावयास नको. ग्वाल्हेरच्या वाचकांसाठी सांगतो. मातीचे मडके, त्याला दोन तोंडे. एकावर चामडे ताणलेले, दुसरे उघडे. पूर्वी हे चामडे घोरपडीचे असे. १९७२ च्या वन्यजीव कायद्याने घोरपडीला संरक्षण मिळाले आणि आता बकऱ्याचे लावतात. २०१९ मध्ये गोवा सरकारने घुमटाला राज्याचे वारसा वाद्य ठरविले. उजव्या हाताने चामड्यावर थाप पडते, आणि डावा हात मागच्या उघड्या तोंडाशी खेळत आवाजाला आकार देतो.

दुकानदाराने दोन पेट्या दाखविल्या होत्या. एक सर्व बाजूंनी बंद, दुसरीला हवेसाठी नळी. मेहुण्याने दुसरीवर बोट ठेवले: "भावजी, आवाजाक भायर सरपाक वाट दवरूंक जाय." आणि मग मांडीवर नसलेले घुमट घेऊन त्याने आम्हांला दोन्ही पेट्या समजावून दिल्या. मागचे तोंड उघडे असले की नाद मोठा होतो आणि मागे रेंगाळतो. तळहाताने झाकले की तो आखूड, आटोपशीर होतो. नळीची पेटीही अशीच. ती ठरावीक स्वराजवळ जास्त गाजते, पण आकाराने मोठी लागते. बंद पेटी लहान जागेत मावते आणि थाप जेथल्या तेथे संपविते. पुस्तकात जे दोन पाने वाचून कळले नव्हते, ते त्याच्या डाव्या तळहाताने कळले.

नवरात्रात कन्या सुटीवर आली. दुकानदाराकडून तीन प्रकार उसने घेऊन, त्याच्या मुलाला बरोबर बसवून, आम्ही रविवारी फूलबागेत गेलो. परीक्षेला ही जागा आमच्या मनाने नेमली होती. येथे गोपाळ मंदिर, मोतीमशीद, गुरुद्वारा आणि थिऑसॉफिकल लॉज एका बागेच्या आसऱ्याने नांदतात. पलीकडे १९२२ पासूनचे प्राणिसंग्रहालय आहे आणि जवळच १८५८ साली इथे पडलेल्या राणी लक्ष्मीबाईंची समाधी. अशा ठिकाणी माणूस आपोआप आवाज बेताने ठेवतो. खालच्या स्वराच्या बाबतीत हा बेत विशेष जरूर आहे, कारण वरचे स्वर भिंत अडविते, खालचे स्वर भिंतीतूनही पलीकडे पोचतात.

काचा वर केल्या. नाना नेहमीप्रमाणे पुढच्या डाव्या आसनावर. तिलवाड्यातला यमनचा एक विलंबित ख्याल लावला. ध्वनिमुद्रण अलीकडचे, डग्गा आणि तंबोरा स्वच्छ उतरलेले.

पहिली परीक्षा डिकीची. खुर्ची बाहेर काढून पदपथावर ठेवली आणि नळीची मोठी पेटी मागच्या दाराकडे तोंड करून बसविली. दुकानदार खोटे बोलला नव्हता, काचा कापल्या. पण एक 'धिं' संपण्याआधी दुसरा 'धिं' त्यावर चढत होता. नानांनी चेहरा आक्रसला आणि बाहेर उभ्या खुर्चीकडे पाहिले. दुसरी परीक्षा मागच्या आसनापुढच्या, पाय ठेवावयाच्या जागेची. तेथे डग्गा पोकळ वाटू लागला. मुलाने पेटीवरची एक कळ उलटी केली, तेव्हा तो भरला. दारातले ध्वनिक्षेपक हवा पुढे ढकलीत असताना ही पेटी मागे ओढीत होती म्हणे. पण तेथे पेटी ठेवली तर मागे बसणाऱ्याने पाय कोठे ठेवावेत?

तिसरी परीक्षा नानांच्या आसनाखालची. हा चपटा, बंद, लहान डबा, त्यातच ॲम्प्लिफायर. दुकानाचा मुलगा आधीच दिलगिरीच्या सुरात म्हणाला की यात दणका नाही. चाळीस कंपनांच्या खाली हा फारसा उतरत नाही. ख्याल पुन्हा सुरू झाला. नाना समोर बघत होते. दोन आवर्तने गेली. तिसऱ्यात त्यांचा उजवा हात गुडघ्यावर आला आणि समेवर पडला.

आम्ही काही बोललो नाही. एखादे वेळी हात असाही पडतो. पण तिलवाड्यात सातव्या मात्रेपासून डग्गा गप्प होतो, आणि नवव्या मात्रेवर खाली येते. नवव्या मात्रेवर नानांचा तळहात उलटा होऊन उघडला. अकराव्या मात्रेला डग्गा परत आला, तसा तो पुन्हा गुडघ्यावर टेकला. त्या आवर्तनात, आणि त्यापुढच्या प्रत्येक आवर्तनात. गायकाचे शब्द त्यांना ऐकू येत नव्हते, हे आम्हांला ठाऊक होते. ते कानाने ऐकत होते की पाठीने, हे आम्ही सांगू शकत नाही. कन्या म्हणते, दोन्हींनी.

मग तिने कागदावर गणित केले. नाना काळी एकला गात. त्या पट्टीतला पुरुषाचा षड्ज म्हणजे सुमारे १३९ कंपने. तंबोऱ्याचा खर्ज त्याच्या निम्मा, ६९. लहान ध्वनिक्षेपकावरही खर्ज ऐकू आल्यासारखा वाटतो, कारण त्याच्या वरच्या अंशस्वरांवरून मन खालचा स्वर स्वतः जुळवून घेते. पण नानांच्या कानातून अंशस्वरांची वरची ओळच पुसली गेलेली. त्यांच्या मनाने जुळवावे तरी कशावरून? त्यांना मूळ स्वरच पोचवावा लागणार होता. "आपल्याला एकोणसत्तरापर्यंत जायचंय बाबा, तिसापर्यंत नाही," ती म्हणाली.

तिला स्वतःला मात्र तिसापर्यंत जावयाचे होते, हे आम्ही विसरलो नाही. भेट तिची, पैसे तिचे. तिने आपले आवडते एक नाचाचे गाणे त्या चपट्या डब्यावर लावून पाहिले. ठोक्याचा तळ निघाला नाही. ती क्षणभर गप्प बसली आणि मग दुकानाच्या मुलाला म्हणाली, "बडा वाला वापस ले जाइए."

बसविताना तिने कोणाला घाई करू दिली नाही. जाडी तार बॅटरीकडून आणली आणि बॅटरीपासून हातभर अंतराच्या आत फ्यूज घातला, म्हणजे तार कोठे घासून उघडी पडली तरी आग लागू नये. वीज मोटारीच्या एका बाजूने, गाण्याची तार दुसऱ्या बाजूने. नाही तर इंजिनाची किरकिर गाण्यात शिरते. आसनाखाली पट्ट्याच्या आणि हवापिशवीच्या तारा असतात, मागे वारा नेणारी नळी असते, पत्र्याखाली इंधनाची नळीही असू शकते. म्हणून भोक पाडण्याआधी खाली वाकून पाहिले. डबा पट्टीने घट्ट आवळला, कारण अपघातात सैल डबा हा फेकलेला दगड असतो. खुर्ची डिकीत आपल्या जागी परत गेली.

दसऱ्यानंतरच्या रविवारी फूलबागेतून परतताना सिग्नलला थांबलो होतो. शेजारी एक मोटार येऊन उभी राहिली. तिच्या डिकीत जे काही होते त्याने आमचाही आरसा थरथरत होता. कन्या जरा ओशाळून नानांकडे पाहू लागली. नानांनी मान वळविली, हात गुडघ्यावर ठेवला आणि दोन आवर्तने मोजून पाहिली.

"चारचाच आहे," ते म्हणाले. "पण मुलगा चुकत नाही."