चिऊस, फुलपाखरांच्या पुस्तकांविषयी

चि. चिऊस,


तू फोनवर म्हणालीस, "आत्या, नावात फुलपाखरू असलेली पुस्तकं सांग. कादंबऱ्या असल्या तरी चालतील, पण मला खरी अभ्यासाची हवीत." शास्त्राचं पुस्तक म्हणजे काम आणि कादंबरी म्हणजे जेवणानंतरची करमणूक, अशी वाटणी मला त्यात ऐकू आली. मला ती मान्य नाही. म्हणून नुसती यादी न पाठवता हे पत्र लिहितेय. कॉलेजातल्या तुझ्या मैत्रिणींनाही वाचायला दे, त्यांच्यासाठीही आहे.

सुरुवात 'पॅपिलॉन'पासून करते, कारण मराठी वाचकाच्या घरात सगळ्यात जास्त शिरलेलं फुलपाखरू तेच असावं. आंरी शारिएर नावाच्या फ्रेंच कैद्याची ही आत्मकथा १९६९ साली आली आणि रवींद्र गुर्जरांनी ती मराठीत आणली. आमच्या वाचनालयात या पुस्तकाची पानं सुटायची, पुन्हा शिवायची, तरी मागणी कमी होत नसे. फ्रेंचमध्ये पॅपिलॉन म्हणजे फुलपाखरू. शारिएरच्या छातीवर ते गोंदलेलं होतं, म्हणून त्याचं ते नाव पडलं. खुनाच्या आरोपाखाली त्याला जन्मठेप झाली. खून मी केलाच नाही, असं तो शेवटपर्यंत सांगत राहिला. फ्रेंच गियानाच्या तुरुंगातून पळायचं, सापडायचं, अंधारकोठडी भोगायची आणि बाहेर आल्यावर पुन्हा पळायचं, एवढीच त्याची गोष्ट. त्यातलं किती स्वतःवर घडलेलं आणि किती इतर कैद्यांकडून ऐकलेलं, याची पुढं बरीच चर्चा झाली. तरी वाच. सुटकेची भूक काय असते ते त्यात आहे.

दुसरं 'द डायव्हिंग बेल अँड द बटरफ्लाय'. लेखक जाँ-दोमिनिक बोबी पॅरिसच्या 'एल' मासिकाचा संपादक होता. डिसेंबर १९९५ मध्ये त्याला मेंदूचा झटका आला. शुद्धीवर आला तेव्हा मन संपूर्ण जागं होतं, पण शरीरात त्याच्या हुकमात उरली होती जवळजवळ एकटी डावी पापणी. समोर बसलेली बाई एकेक अक्षर म्हणायची, हवं ते अक्षर आलं की तो पापणी मिटायचा. अख्खं पुस्तक असं अक्षरा-अक्षरानं लिहून झालं. मार्च १९९७ मध्ये ते बाहेर आलं आणि काही दिवसांतच बोबी गेला. लहानसं पुस्तक आहे, पण घाईनं वाचू नकोस. ते एका बैठकीत वाचून संपवलेल्या माणसावर माझा विश्वास बसत नाही.

तिसऱ्या पुस्तकात तुझा अभ्यासही येतो, म्हणून त्यावर जरा रेंगाळते. हुलिया अल्वारेझ यांची 'इन द टाइम ऑफ द बटरफ्लाइज' ही कादंबरी १९९४ ची. कॅरिबियन समुद्रातल्या डॉमिनिकन रिपब्लिकमध्ये त्रुहियो नावाचा हुकूमशहा होता. त्याच्याविरुद्ध उभ्या राहिलेल्या मिराबाल बहिणी, पात्रिया, मिनर्व्हा आणि मारिया तेरेसा, भूमिगत चळवळीत 'फुलपाखरं' म्हणून ओळखल्या जात. २५ नोव्हेंबर १९६० ला, तुरुंगातल्या नवऱ्यांना भेटून परतताना, त्यांना वाटेत अडवून मारलं गेलं. मागं राहिलेली बहीण देदे पुढं आयुष्यभर ही हकिकत सांगत राहिली. स्त्रियांवरच्या हिंसेच्या विरोधात जगभर पाळला जाणारा २५ नोव्हेंबर हा दिवस त्यांच्यामुळेच आहे. आता हे ऐक: आपल्या परसातल्या कागदी लिंबावर जे पिवळं-काळं फुलपाखरू अंडी घालतं, ते लाइम बटरफ्लाय, पॅपिलिओ डेमोलियस, मूळचं आशियाकडचं. २००४ साली ते त्याच डॉमिनिकन रिपब्लिकमध्ये सापडलं आणि तिथल्या लिंबूवर्गीय फळांच्या बागायतदारांच्या जिवाला घोर लागला. एकाच बेटावरच्या या दोन हकिकती. एक कादंबरीच्या कपाटात राहते, दुसरी कीटकशास्त्राच्या. दोन्ही कपाटं उघडणारं माणूस क्वचित भेटतं. तू तसं व्हावंस एवढीच माझी इच्छा आहे.

चौथं पुस्तक फार जपून हातात घे. 'आय नेव्हर सॉ अनदर बटरफ्लाय'. चेक देशातल्या तेरेझिन गावी नाझींनी ज्यूंसाठी छळछावणी केली होती. तिथं डांबलेल्या मुलांची चित्रं आणि कविता या पुस्तकात आहेत. नाव ज्या कवितेवरून आलं ती पाव्हेल फ्रीडमान या एकवीस वर्षांच्या तरुणानं ४ जून १९४२ रोजी लिहिली. १९४४ मध्ये त्याला आउशवित्झमध्ये मारलं. फ्रीडल डिकर-ब्रँडाइस नावाची चित्रकार त्या छावणीत मुलांना चित्रं शिकवायची. मिळेल त्या कागदावर, सरकारी फॉर्मच्या मागं, मुलं घरं काढत, फुलं काढत, फुलपाखरं काढत. आउशवित्झला जाण्यापूर्वी तिनं सुमारे साडेचार हजार चित्रं दोन सूटकेसमध्ये भरून मागं ठेवली. ती वाचली नाही, बहुतेक मुलंही वाचली नाहीत. चित्रं राहिली. चित्राखाली मुलाचं नाव असतं आणि पुढं जन्माचं नि मृत्यूचं साल. आपल्याकडं पहिली-दुसरीतलं पोर ग. ह. पाटलांची 'फुलपाखरू' कविता म्हणत अंगणात फुलपाखरामागं धावतं. त्याच वयाच्या पोरांना तिथं ते आठवणीतून काढावं लागलं. मला हे पुस्तक सलग वाचवत नाही, तरी कपाटात ते पुढंच ठेवलंय.

ही चार पुस्तकं शेजारी ठेवलीस तर एक गोष्ट दिसेल. बंदिवास, लुळं पडलेलं शरीर, हुकूमशाही, छळछावणी. माणूस कोंडला गेला की त्यानं मुखपृष्ठावर फुलपाखराला बोलावलं. सुखातल्या माणसांनीही फुलपाखरावर लिहिलंय, पण माझ्या मनात टिकली ती ही पुस्तकं. आपल्या बारामतीचे मोरोपंत तरी काय करत होते? देवाला घातलेल्या आर्त हाकांना त्यांनी मोराच्या केकेचं नाव दिलं, 'केकावली'. अडचणीतल्या माणसाला पाखरांची, प्राण्यांची आठवण होते. कादंबरीत फुलपाखरू "फक्त नावापुरतं" असतं, असं तू म्हणालीस. नावापुरतं का असेना, तिथं त्याची फार गरज होती, म्हणून ते आलं.

आता तुझी अभ्यासाची पुस्तकं. इथं आधी नाबोकोव्हला नमस्कार कर. हा मोठा कादंबरीकार १९४० च्या दशकात हार्वर्डच्या संग्रहालयात सूक्ष्मदर्शकाखाली निळ्या फुलपाखरांचे अवयव तपासत बसायचा. ही निळी फुलपाखरं आशियातून बेरिंगच्या वाटेनं, वेगवेगळ्या काळात, टप्प्याटप्प्यानं अमेरिकेत उतरली असावीत, असं त्यानं १९४५ मध्ये मांडलं. फार कुणी मनावर घेतलं नाही. २०११ मध्ये डीएनएच्या तपासणीनं त्याचं म्हणणं खरं ठरवलं, तेव्हा तो जाऊन तीस वर्षं उलटली होती. त्याचं फुलपाखरांविषयीचं लिखाण 'नाबोकोव्ह्ज बटरफ्लाइज' या जाडजूड ग्रंथात एकत्र मिळतं.

आपल्या देशापुरतं म्हणशील तर विंटर-ब्लाइथ यांचं 'बटरफ्लाइज ऑफ द इंडियन रीजन' हे जुनं आणि अजून उपयोगी पुस्तक. १९५७ साली मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटीनं काढलं. त्याआधी ब्रिगेडियर इव्हान्स यांचं ओळख पटवण्याचं पुस्तक होतं, पण ते सोसायला डोकं फार शांत लागतं. १९९२ मध्ये थॉमस गे, आयझॅक केहिमकर आणि जे. सी. पुनेठा यांचं 'कॉमन बटरफ्लाइज ऑफ इंडिया' हे लहान पुस्तक आलं. तू त्यापासून सुरुवात कर. केहिमकरांचं २००८ चं 'द बुक ऑफ इंडियन बटरफ्लाइज' मोठं आहे, ते ग्रंथालयातून घे. डॉ. मिलिंद भाकरे आणि हेमंत ओगले यांचं पश्चिम घाटाचं मार्गदर्शक पुस्तक २०१८ चं.

पण एकच घ्यायचं झालं तर कृष्णमेघ कुंटे यांचं 'बटरफ्लाइज ऑफ पेनिन्सुलर इंडिया' घे. २००० साली, माधव गाडगीळ यांनी संपादित केलेल्या मालेत ते निघालं. हेच कुंटे 'एका रानवेड्याची शोधयात्रा' या मराठी पुस्तकाचे लेखक. मदुमलाईच्या जंगलातले त्यांचे दिवस त्यात आहेत. एकच माणूस मराठीत रानाचं वेड सांगतो आणि इंग्रजीत त्याच रानाची शास्त्रीय नोंद करतो, हे तुझ्या वयात बघायला मिळावं असं मला फार वाटतं. दोन्ही पुस्तकं बरोबरच वाच.

या पुस्तकांत एक माहिती पुन्हा पुन्हा येते आणि नवशिके ती ओलांडून रंगीत चित्रांकडं जातात: आळी कोणत्या झाडाची पानं खाते. तिथं थांब. बहुतेक फुलपाखरं महिनाभर जगली तरी खूप, मधल्या वेळी थोडा मध चाखतात. खाण्याचं, वाढण्याचं, अंगात विष साठवण्याचं बहुतेक काम आळीच्या जन्मात उरकलेलं असतं. झाड कळलं की फुलपाखरू कुठं, कधी सापडेल ते कळतं.

माझी खंत मात्र पुढं आहे. ही बहुतेक पुस्तकं वाचताना डोळ्यांपुढं घाट येतो, पाऊस येतो, ओलं रान येतं. महाराष्ट्रानं २०१५ मध्ये राज्य फुलपाखरू जाहीर केलं, देशात पहिल्यांदा. ते ब्लू मॉर्मन, मराठीत नीलवंत. देखणंच आहे, पण मुळात जास्त पावसाच्या मुलखाचं. आपल्या बारामती-इंदापुरात पाऊस कसाबसा पाचशे मिलिमीटरच्या आसपास, कधी तोही नाही. १८८५ पासून नीरा डाव्या कालव्याचं पाणी खेळलं तिथं ऊस, आणि पाटाच्या वरच्या अंगाला जिरायत माळ. लोक सुप्याला मयूरेश्वर अभयारण्यात चिंकारा बघायला येतात, भिगवणला रोहित बघायला येतात. बारामतीजवळच्या कन्हेरीचं नाव राज्याला ठाऊक आहे ते निवडणुकीत तिथल्या मारुतीपुढं फुटणाऱ्या प्रचाराच्या नारळामुळं. पण या मुलखातल्या माळावरच्या फुलपाखरांचं मराठी पुस्तक माझ्या हाती कधी आलं नाही. ते तू लिही.

घाबरू नकोस, सामग्री दारात आहे. देवळाजवळच्या कण्हेरीची पानं उलटून बघ. कॉमन क्रो, ज्याला मराठीत हबशी म्हणतात, त्याचा कोष तिथं लटकलेला सापडेल, घासून लख्ख केल्यासारखा चांदीचा. रुईवर पांढऱ्या, काळ्या, पिवळ्या पट्ट्यांची आळी असते, ती प्लेन टायगरची. शेळी ज्या रुईला सहसा तोंड लावत नाही, तीच खाऊन ही आळी त्यातलं विष अंगात मुरवते. मग पक्षी एकदा चोच मारतो, तोंड कडू करून घेतो आणि पुन्हा त्या वाटेला जात नाही. डॅनेड एगफ्लाय नावाच्या दुसऱ्याच फुलपाखराची मादी याचाच वेश घेऊन फुकटात वाचते. एरंडावर कॉमन कॅस्टर, तरवडावर फिकट पांढरी एमिग्रंट, बोरीवर नखाएवढी ठिपक्यांची निळी-पांढरी. लिंबावरची कोवळी आळी तर पाखराच्या विष्ठेसारखीच दिसते. मोठी झाली की हिरवी होते, आणि डिवचलीस तर डोक्यामागून लाल-केशरी शिंगं काढून उग्र वास सोडते.

आणि डाळिंब. त्यासाठी वेगळं प्रकरण ठेव. आपल्या भागातल्या शेतकऱ्याच्या बोलण्यात, फवारणीच्या वेळापत्रकात, कृषीच्या पुस्तकात हमखास येणारं फुलपाखरू म्हणजे डाळिंबाचं, अनार बटरफ्लाय. त्याची ओळख सगळ्यांना "फळ पोखरणारी आळी" म्हणून आहे. मादी फुलावर, कोवळ्या फळावर अंडं घालते. आळी भोक पाडून आत शिरते, दाणे खाते, विष्ठा भोकातून बाहेर टाकते आणि मागोमाग बुरशीनं फळ सडतं. तुझ्या बाबांनी बहार धरल्यावर रात्र-रात्र काढलेली काळजी मी पाहिलीय, तेव्हा या आळीचं कौतुक कर असं मी त्यांना सांगणार नाही. पण तुला सांगते. पोखरलेलं फळ गळून पडेल, म्हणून ही आळी बाहेर येते आणि आपल्या तोंडातल्या रेशमानं फळाचा देठ फांदीला बांधून ठेवते. जुन्या निसर्ग-अभ्यासकांनी हे पाहून लिहून ठेवलंय. ज्या बागेत हे घडतं त्या बागेत तू वाढलीस. औषध मारणाऱ्यानं आणि आळीनं, दोघांनीही तेच फळ झाडावर टिकवायला धडपडावं, हे कादंबरीकाराला सुचलं असतं तर आपण त्याला दाद दिली असती.

पुस्तकाची रचना झाडांवरून कर, रंगांवरून नको. एका पानावर एक झाड: बांधावरचं, ओढ्याकाठचं, बागेतलं. त्याखाली तारीख, आळी, कोष, फुलपाखरू, आणि त्या आठवड्यात पाऊस झाला की नाही. शेजारच्या आजीला विचारून त्या झाडाबद्दल तिला काय ठाऊक आहे तेही लिही, अगदी तिच्याच शब्दांत. इंग्रजी नावं गाळू नकोस, शास्त्रीय नावं देवनागरीत लिही, म्हणजे तुझ्यामागून येणाऱ्या पोरीला अडचण पडायची नाही. ओळख पटली नाही तर फोटो काढून ठेव, अंदाजानं नाव देऊ नकोस. तेरेझिनच्या मुलांच्या चित्रांखाली असतं तसं, प्रत्येक पानावर नोंद करणाऱ्याचं नावही घाल.

मृगाचा बहार धरलाय, असं तुझी आई म्हणाली. म्हणजे फुलं लागली असतील. बाबांना सांगून बांधाकडची दोन झाडं फवारणीतून सोडवून घे. आढेवेढे घेतील, तेव्हा माझं नाव सांग. 'कॉमन बटरफ्लाइज' माझ्याकडं आहे, पुढच्या एसटीनं येणाऱ्याच्या हाती पाठवते. कुंटेंची दोन्ही पुस्तकं मात्र तू इंदापूरला येऊन माझ्यासमोर बसून वाचायची, ती मी कुणालाही घरी नेऊ देत नाही.

तुझी,
आत्या