त्सुमागो : राजमार्गावरील एक जुना टप्पा

जपानांतील एदो (हल्लींचें टोकियो) आणि क्योतो या नगरांना जोडणारे जुने राजमार्ग दोन : एक समुद्राच्या बाजूचा तोकाइदो, दुसरा डोंगरांतून जाणारा नाकासेन्दो. या दुसऱ्याचे टप्पे ६९. त्यांतील ४२ वा टप्पा म्हणजे किसो खोऱ्यांतील त्सुमागो. शेजारच्या मागोमेहून खिंड ओलांडून सुमारें ८ किलोमीटरची वाट आम्ही पायीं चालून गेलों, तेव्हां या गांवाचें प्रयोजन पुस्तकावांचूनच ध्यानीं आलें.

सतराव्या शतकाच्या आरंभीं तोकुगावा सत्तेनें ही टप्प्यांची व्यवस्था लाविली. किसोंतील प्रत्येक टप्प्यानें सरकारी कामासाठीं २५ हमाल व २५ घोडे सज्ज ठेवावे, असा दंडक होता. १६३५ पासून सरदारांना आळीपाळीनें एदोस राहणें सक्तीचें झालें, आणि त्यांच्या स्वाऱ्या या चिंचोळ्या रस्त्यानें जाऊं लागल्या. सरदारांचा उतारा 'होन्जिन' वाड्यांत, जादा मंडळींचा 'वाकी-होन्जिन' वाड्यांत. १८६१ त राजकन्या काझुनोमिया शोगुनाशीं विवाहासाठीं प्रचंड लवाजम्यासह याच मार्गानें गेली. या वैभवाचा भार वाहिला तो मात्र हमालांच्या खांद्यांनीं. भोंवतीं अरण्य दाट. पण हिनोकी वृक्ष चोरून तोडणारास देहान्त शासन! ती बंदी उठल्यानंतर, १८७७ त, येथील वाकी-होन्जिन हिनोकीच्या लांकडानें नव्यानें बांधला गेला. तो आज संग्रहालयरूपानें पाहावयास मिळतो.

१९११ त पुरा झालेला लोहमार्ग गांवाला वगळून गेला. तरुण मंडळी पोटासाठीं बाहेर पडली, घरें खचूं लागलीं. दारिद्र्यामुळें नवें कांहीं बांधलें गेलें नाहीं, म्हणूनच जुनें उरलें. १९६८ त जीर्णोद्धारास आरंभ झाला, आणि १९७१ त ग्रामस्थांनीं नियम केला : घर विकावयाचें नाहीं, भाड्यानें द्यावयाचें नाहीं, मोडावयाचें नाहीं. १९७६ त सरकारनेंही या वस्तीस राष्ट्रीय संरक्षण दिलें.

या तीन निषेधांतील मधला आम्हांस सर्वांत कठीण वाटला. विकणें व मोडणें यांतील हानि डोळ्यांना दिसते. भाड्यानें दिलेल्या घराच्या भिंती शाबूत राहतात, मात्र कुटुंब निघून जातें. नियम पाळणाऱ्यास हातचें उत्पन्न सोडावें लागतें, हें खरें. वडिलोपार्जित वाड्याचें काय करावें, हा प्रश्न आपल्याकडेही घरोघर आहे. त्सुमागोनें तो एकेका भावावर न सोडतां साऱ्या गांवानें मिळून सोडविला, एवढें आमच्या वाचकांनीं ध्यानांत घ्यावें.